दार दुसऱ्या मजल्यावर आहे

माझ्या तरुणपणी, म्हणजे मी अडुसष्ट वर्षांची असताना, माझं असं ठाम मत होतं की कोर्टात जाणं आणि भर बाजारात भांडणं यांत फारसा फरक नाही. बाजारात वकील लागत नाही, एवढंच. आता मी सत्तरी ओलांडून बरीच पुढे आले आहे आणि त्या अडुसष्ट वर्षांच्या बाईकडे मागे वळून बघते तेव्हा आधी हसू येतं. हसून झालं की कान गरम होतात.

तर त्या बाईची हकिगत.

आम्ही मूळचे कऱ्हाडकडचे. आमचे हे इथल्या एका मोठ्या वैद्यकीय संस्थेत पॅथॉलॉजी शिकवायचे. जन्मभर सूक्ष्मदर्शकाला डोळा लावून बसलेला माणूस. मी शाळेत विज्ञान शिकवायची. निवृत्तीनंतर गावी परतायचं ठरलं होतं, पण मुलीनं इथलाच नवरा केला, तिला मुलगी झाली, आणि आमचं ‘पुढच्या वर्षी जाऊ’ चंदीगडच्या एका सोसायटीत दुसऱ्या मजल्यावर कायमचं मुक्कामाला राहिलं. इमारतीला लिफ्ट नव्हती. फ्लॅट घेताना ते आमच्या लक्षातही आलं नाही. साठीच्या आतला माणूस जिन्याकडे बघत नाही, चढून जातो.

मग यांना अर्धांगाचा झटका आला. बोलणं परत आलं, उजवी बाजू शाबूत राहिली, डावा पाय मात्र रुसला तो रुसलाच. वॉकर धरून हे घरभर फिरायचे, स्वतःचा चहा स्वतः करायचे, माझ्या स्वयंपाकातल्या चुका काढायचे. पण जिना नाही. इस्पितळात न्यायचं झालं की चौघं जण यांना खुर्चीत बसवून खाली उतरवायचे. वरातीतल्या नवऱ्यासारखे दिसायचे. यांना ते इतकं लागायचं की इस्पितळाशिवाय दुसऱ्या कशासाठीही यांनी खुर्चीत बसायला साफ नकार दिला.

इथला हिवाळा ज्यांनी काढला आहे त्यांना पुढचं सांगायला नको. धुकं उठलं की समोरच्या पार्कात ऊन उतरतं आणि सगळी सोसायटी त्यामागोमाग उतरते. बायका मटार सोलतात, पुरुष शेंगा खात पत्ते खेळतात. खेळ ठरलेला, सीप. तळमजल्यावरचे सरदारजी आणि हे कायमचे जोडीदार. आमची बाल्कनी नेमकी सावलीत. हे शाल गुंडाळून तिथे बसायचे आणि खाली बघायचे.

सरदारजींनी त्यावर उपाय काढला. यांचे पत्ते हातात धरून ते खालून ओरडायचे, “डॉक्टर साब, हुकुम का नहला है, चिड़ी की बेगम है, क्या डालूँ?” हे वरून ओरडायचे, “बेगम डालो!” अख्ख्या पार्काला यांच्या हातात काय आहे ते कळायचं. हे रोज हरायचे. पण खेळायचे.

एकदा हरून आत आले आणि म्हणाले, “ऊन अंगावर घेऊन हरलो असतो तरी चाललं असतं.”

एवढंच हवं होतं या माणसाला. खाली जाऊन उन्हात हरायचं.

सोसायटीतल्या सगळ्यांनी सह्या दिल्या. इंजिनिअरने नकाशा काढला. इमारतीच्या मागच्या भिंतीला बाहेरून एक छोटी लिफ्ट सहज बसत होती. फक्त तिचा पाया ज्या हिरवळीच्या पट्टीत जाणार होता ती पट्टी सरकारची होती. म्हणून परवानगी हवी. आम्ही अर्ज केला. ज्या कार्यालयात केला त्याचं नाव मी सांगणार नाही. सांगितलं तर उगाच त्याला वाटायचं, आपण काहीतरी विशेष आहोत.

कार्यालय मोठं सभ्य होतं. खिडकीतला माणूस दर वेळी उठून मला खुर्ची द्यायचा आणि म्हणायचा, “माताजी, फाईल विचाराधीन है.”

“कब तक?”

“विचार तो चल रहा है जी.”

नाही म्हणाले असते तर रडून मोकळी झाले असते. हो म्हणाले असते तर पेढे वाटले असते. पण विचार चाललेल्या माणसाशी काय करायचं? त्याला हलवायचं कसं? मी घरी येऊन यांना सांगायची, “होतंय.” हे म्हणायचे, “बरं.”

आता त्या बाईची हुशारी बघा. चौकशी करता करता तिला कळलं की त्या कार्यालयातले मोठे साहेब मराठी आहेत, महाराष्ट्रातून बदलीवर आलेले. झालं! बाईंना वाटलं, काम फत्ते. आपला माणूस! आणि आपल्या माणसापर्यंत पोचायची राजमार्गाने जाणारी वाट आपल्याकडे एकच, ती म्हणजे त्याच्या बायकोला संक्रांतीच्या हळदीकुंकवाला बोलवायचं.

साहेबांच्या बाई आल्या. साध्या, गोड होत्या. मी तिळगूळ दिला, वाण दिलं, गुळाची पोळी वाढली. जिना चढून त्यांना धाप लागली होती. “बाई गं, किती उंच हो तुमचं घर,” त्या म्हणाल्या. बघा, विषय आपण होऊन ताटात येऊन पडला होता! नुसतं म्हणायचं होतं, हो ना, म्हणूनच आम्ही तुमच्या यजमानांच्या कार्यालयात अर्ज केलाय.

मी म्हटलं, “अजून एक पोळी घ्या ना.”

भीड पडली. पहिल्यांदाच घरी आलेल्या सवाष्णीला कामाचं कसं बोलायचं? पुढच्या वेळी बोलू. मग चैत्रातल्या हळदीकुंकवाला बोलावलं, तेव्हा कैरीची डाळ आणि पन्हं मध्ये आलं. गणपतीत बोलावलं, तेव्हा मोदक मध्ये आले. दुसऱ्या संक्रांतीला मी मनाशी वाक्य पाठ करून ठेवलं होतं. बाई आल्या, बसल्या आणि डोळ्यांत पाणी आणून म्हणाल्या, “काकू, आमची बदली झाली. तुमच्या हातचं फार आठवेल.”

दर वेळी बाईंबरोबर डबा जायचा, त्यामुळे साहेबांनी माझ्या हातचं वर्षभर खाल्लं. माझं नाव त्यांच्या टेबलावर वर्षभर पडून होतं. या दोन गोष्टींची गाठ कधी पडलीच नाही, कारण ती घालून देणारी एकटी मी होते आणि मी पोळ्या वाढत होते. दोन हिवाळे गेले. विचाराधीन फाईल एकटी सरकारकडेच नव्हती, एक माझ्या जिभेवरही होती.

नात तेव्हा वकिलीची परीक्षा देऊन एका वकीलबाईंच्या हाताखाली काम शिकू लागली होती. तिला मराठी सगळं समजतं, उत्तर मात्र हिंदीतच येतं. मी बदलीचं सांगितल्यावर ती कपाळाला हात लावून म्हणाली, “आजी, आप साल भर से हल्दी-कुंकू से गव्हर्नमेंट चला रही थीं? हायकोर्ट में रिट डालते हैं यार.”

“मला यार म्हणू नकोस. आणि कोर्ट कशाला? त्यांनी नाही कुठे म्हटलंय?”

“वही तो! ना हाँ, ना ना. इसी के लिए होती है रिट. कोर्ट बोलेगा, बैठे मत रहो, डिसाइड करो, इतने टाइम में करो, और रीज़न लिखकर करो.”

“म्हणजे कोर्ट लिफ्ट देईल?”

“नहीं आजी. कोर्ट लिफ्ट नहीं देगा. कोर्ट जवाब दिलवाएगा.”

हे वाक्य तिनं मला स्वच्छ सांगितलं होतं, हे लक्षात ठेवा. मी ठेवलं नाही.

सरकारवर केस! मला रात्रंदिवस तेवढंच दिसत होतं. हे जन्मभर सरकारी नोकरीत राहिलेले, निवृत्तीच्या दिवशी सरकारने दिलेला फुलदाणीचा नमुना अजून कपाटात जपून ठेवलेला. यांना काय वाटेल? इथल्या महाराष्ट्र मंडळात काय म्हणतील? मी नातीला बजावलं, आजोबांना एवढ्यात काही सांगायचं नाही. फ्लॅट माझ्या नावावर होता, त्यामुळे सही माझीच लागणार होती. तेवढंच बरं, असं तेव्हा वाटलं.

वकीलबाई पंजाबी, भारदस्त, आणि बोलायला विजेसारख्या. त्यांनी मला दोन गोष्टी विचारल्या, दहा गोष्टी स्वतःच सांगितल्या आणि आठवड्याने याचिका तयार करून सहीला बोलावलं. हायकोर्ट सेक्टर एकमध्ये, आणि सुखना लेकही तिथेच. म्हणून मी साडीवर फिरायला जायचे बूट चढवले. कुणी ओळखीचं भेटलंच, तर लेकवर फिरायला आले होते, असं सांगायचं. बुटांत ती बाई कशी दिसत असेल, याचा विचार मी आता करते. तेव्हा वेषांतर झकास जमलंय असं वाटत होतं.

कॉरिडॉरमध्ये काळ्या कोटांची ही गर्दी. त्या गर्दीतून आमच्या महाराष्ट्र मंडळाच्या अध्यक्षीणबाई समोरून आल्या. हातात फाईल. पायांत बूट.

“अगंबाई! तुम्ही इकडे?”

“लेकवर आले होते,” मी म्हटलं.

“मी पण,” त्या म्हणाल्या.

आम्ही दोघींनी एकमेकींच्या फायलींकडे पाहिलं नाही. त्या हायकोर्टाच्या कॉरिडॉरमध्ये उभ्या राहून आम्ही दोघी लेकवरच्या हवेविषयी बोललो. हवा छान आहे, म्हणालो. मग दोन दिशांना पळालो.

पुढे कळलं, त्यांच्या यजमानांच्या बढतीचं प्रकरण असंच कुठेतरी विचाराधीन होतं. मंडळात शेजारी बसून आम्ही एकमेकींना चकल्यांची भाजणी सांगत होतो, पण हे नाही.

तर अशी घाबरलेली, घाईत असलेली बाई वकीलबाईंच्या चेंबरमध्ये शिरली. “पढ़ लीजिए माताजी, फिर साइन कीजिए,” त्या म्हणाल्या. मी दाराकडे बघत होते. अध्यक्षीणबाई परत येताहेत की काय! मी म्हटलं, “पढ़ा हुआ समझिए,” आणि जिथे जिथे खूण होती तिथे सह्या ठोकल्या. प्रतिज्ञापत्रावरही. वरील मजकूर वाचून, समजून घेऊन खरा असल्याचं सांगते, म्हणून.

मी जन्मभर वर्गात मुलींना सांगत आले होते, आधी प्रश्न नीट वाचा, मग लिहा. न वाचता लिहिणाऱ्या मुलींना मी बाकावर उभं करत असे.

सुनावणीच्या दिवशी मी एकटीच गेले. नात घरी थांबली होती, आजोबांच्या औषधांसाठी. आमचा नंबर लागला आणि चहा गाळायला लागतो तेवढ्यात संपला. वकीलबाई वेगाने इंग्रजीत बोलल्या, सरकारी वकील काहीतरी पुटपुटले, न्यायमूर्तीबाईंनी चष्म्यावरून बघत चार वाक्यं सांगितली. वकीलबाई माझ्याकडे वळून म्हणाल्या, “हो गया माताजी. टाइम-बाउंड ऑर्डर मिल गया.”

हो गया! मी एवढंच ऐकलं. रिक्षा सरळ सेक्टर सतराला नेली, पेढ्यांचे खोके घेतले आणि सोसायटीत तळमजल्यापासून वाटत वर आले. “केस जीत गए!” सरदारजींनी दोन पेढे एकदम तोंडात टाकून भांगड्याचे दोन हात केले. पहिल्या मजल्यावरच्या बाईंनी मला मिठी मारली. जिना चढताना मला पहिल्यांदा वाटलं, की कोर्टात इतकं काही वाईट नसतं. उलट यांना आता सांगायचं, ते कसं सांगायचं, असं गोड वाक्य जुळवत मी दारात पोचले.

हे खुर्चीत बसले होते. समोर नातीचा लॅपटॉप. हल्ली कोर्टाचं कामकाज घरबसल्या बघता येतं, हे मला माहीतच नव्हतं. नातीनं आजोबांना सगळं सांगितलं होतं आणि दोघांनी मिळून माझी केस बघितली होती.

“या,” हे म्हणाले. “बेड-रिडन कोण आहे गं आपल्या घरात?”

मला कळेना.

नातीनं छताकडे बघितलं. “आजी, पिटिशन में लिखा है. मॅम ने पढ़कर सुनाया. आजोबा बेड-रिडन हैं, टोटली डिपेंडंट हैं, और... होश भी कम है.”

कोर्टानं लवकर लक्ष घालावं म्हणून वकीलबाईंनी यांना अंथरुणाला खिळवून टाकलं होतं. शुद्ध हरपायच्या बेतात आणून ठेवलं होतं. आणि खाली माझी सही होती. माझ्या हातात पेढ्याचा खोका होता. तो कुठे ठेवावा ते सुचेना.

“तू वाचलं होतंस?”

मी खोका दुसऱ्या हातात घेतला.

“म्हणजे पेशंट न बघता रिपोर्ट लिहिला त्यांनी, आणि तू सही केलीस.” यांचा आवाज चढला नव्हता, तेच वाईट होतं. ज्या माणसानं जन्मभर काचपट्टीवर जे दिसलं तेवढंच लिहिलं, एका शब्दाने माणसाचा उपचार बदलतो म्हणून विद्यार्थ्यांचे रिपोर्ट फाडून टाकले, त्या माणसाविषयी माझ्या सहीने भर कोर्टात खोटं वाचलं गेलं होतं, आणि तो ते घरात बसून ऐकत होता.

“तुम्हाला आवडलं नसतं कोर्टात गेलेलं,” मी कसंबसं म्हटलं. “म्हणून विचारलं नाही.”

यांनी लॅपटॉप मिटला. “मी पहिल्याच हिवाळ्यात म्हणणार होतो कोर्टात जाऊ म्हणून. पण तुला कमीपणा वाटेल, म्हणून गप्प बसलो.”

त्यानंतर नात हळूच म्हणाली, “आजी, और एक बात. अभी जीते नहीं हैं. ऑर्डर में बस इतना है कि इन्स्पेक्शन करके, टाइम के अंदर, रीज़न के साथ फ़ैसला लो.”

खाली सगळी सोसायटी पेढे खात होती.

मुदत संपत आली तरी कार्यालय हललं नाही. वकीलबाईंनी एक कडक पत्र धाडलं, की आता कोर्टाचा अवमान केल्याची तक्रार करू. आठवड्यात फोन आला, कनिष्ठ अभियंता पाहणीला येत आहेत.

आता, प्रतिज्ञापत्रात खोटं लिहिलं गेलंय म्हटल्यावर शहाण्या बाईनं काय केलं असतं? ते दुरुस्त केलं असतं. आमच्या बाईंनी काय केलं? त्यांनी पलंगावर स्वच्छ चादर घातली, उशाशी औषधांच्या बाटल्या मांडल्या आणि नवऱ्याला म्हणाल्या, “अहो, तासभर निजता का?”

हो. मी खरंच म्हटलं हे. लिहिताना हात थांबतोय, पण म्हटलं.

“कशाला?”

“ते साहेब येऊन जाईपर्यंत. नुसतं पडून राहायचं. बोलू नका फार.”

हे उठले. वॉकर घेऊन आतल्या खोलीत गेले. मला वाटलं, ऐकलं. घंटा वाजली आणि मी दाराशी पोचायच्या आत आतून हे बाहेर आले. इस्त्रीचा शर्ट, वर नोकरीतला टाय. एका हाताने बांधलेला, म्हणून जरा तिरका. टक टक वॉकर टेकत सबंध बैठक ओलांडून यांनी स्वतः दार उघडलं. “आइए. मैं ही पेशंट हूँ.”

अभियंता बिचारा भला माणूस. त्यानं नकाशा बघितला, मागची भिंत मापली, चहा घेतला. यांनी त्याला आपला आजार अगदी शास्त्रशुद्ध समजावून सांगितला, कुठला स्नायू चालतो, कुठला नाही. मी मागे पलंगावरची रिकामी पांढरी चादर दिसू नये म्हणून दार अडवून उभी होते.

कार्यालयाचा निर्णय मुदतीच्या अगदी टोकाला आला. कारणांसह. कोर्टाने सांगितलं होतं ना. पाहणीच्या वेळी सदर इसम स्वतः चालत दारापर्यंत आल्याचे आढळले. अंथरुणास खिळल्याचे कथन वस्तुस्थितीस धरून नाही. सबब लिफ्टची आवश्यकता दिसून येत नाही. अर्ज नामंजूर.

मी दोन दिवस खाली उतरले नाही. पेढे खाल्लेली माणसं जिन्यात भेटतील म्हणून. नातीलाही मीच बोलले, “तुमच्या रिटने काय झालं? मिळालं ते ‘नाही’ मिळालं!”

वकीलबाईंकडे आम्ही दोघी तोंड पाडून गेलो, तर बाई खूश! टेबलावर थाप मारून म्हणाल्या, “बोले तो सही! माताजी, चुप्पी से कोई कैसे लड़े? अब उनका रीज़न हमारे हाथ में है. रीज़न ग़लत है, तो तोड़ेंगे.” मग जरा थांबून म्हणाल्या, “मेरा भी एक शब्द ग़लत था. इस बार डॉक्टर साहब से लिखवाकर लाइए.”

मग दुसऱ्या याचिकेतला यांच्याविषयीचा परिच्छेद यांनी स्वतः सांगितला, नातीनं टाइप केला, आणि मी चष्मा लावून दोनदा वाचला. सपाट जमिनीवर वॉकरच्या आधाराने चालू शकतो. चहा करतो. शुद्ध उत्तम. जिना उतरू शकत नाही. चढू शकत नाही. बस. त्यात दया यावी असं काहीही नव्हतं.

दुसऱ्या सुनावणीला मी चपला घालून गेले. न्यायमूर्तीबाई त्याच होत्या. त्यांनी दोन्ही याचिका पुढ्यात घेतल्या, कार्यालयाचा आदेश वाचला, आणि कपाळाला आठी पडली. “पहली पिटिशन में बेड-रिडन. इन्स्पेक्शन में चलते हुए. याचिकाकर्ता आई हैं?”

वकीलबाईंनी मला पुढे ढकललं. अख्खं कोर्ट माझ्याकडे बघत होतं. आमच्या अध्यक्षीणबाई मागच्या बाकावर होत्या, तेही मला दिसलं. घरून लॅपटॉपवर हे बघत असणार.

“माताजी, एफिडेव्हिट पर साइन आपका है? कौन-सी बात सच है?”

आता इथे पोळी वाढायची सोय नव्हती.

“जी, साइन मेरा है,” मी म्हटलं. “बेड-रिडन झूठ था. मैंने बिना पढ़े साइन किया.”

“पढ़ा क्यों नहीं?”

“शर्म आ रही थी.”

“किस बात की?”

“यहाँ आने की, जी.”

मागे कुणीतरी फिसकन हसलं. न्यायमूर्तीबाई हसल्या नाहीत. “वो चल सकते हैं?”

“चलते हैं. दरवाज़े तक चलते हैं. उस दिन दरवाज़ा भी उन्होंने ही खोला. लेकिन जी, हमारा दरवाज़ा दूसरी मंज़िल पर है.”

एवढंच बोलले. वर्षभरात त्या साहेबांच्या बाईंना जे सांगायचं होतं ते एवढंच होतं. गुळाची पोळी गरम होती तोवर सांगून झालं असतं.

न्यायमूर्तीबाईंनी सरकारी वकिलांकडे बघून विचारलं, तुमच्या आदेशात जिन्याचा उल्लेख कुठे आहे? ते पानं उलटत राहिले. मग त्यांनी मला ताकीद दिली, शपथेवर सही करताना वाचत चला, आणि ती मी मान खाली घालून घेतली. आणि आदेश सांगितला. नकार रद्द. हा माणूस दारापर्यंत चालतो का हा प्रश्नच नाही, दारापासून जमिनीपर्यंत कसा जातो हा प्रश्न आहे. त्याचा विचार करून थोड्याच मुदतीत नव्याने निर्णय घ्या.

लिफ्ट द्या, असं त्या याही वेळी म्हणाल्या नाहीत. मी ते या वेळी ऐकलं. येताना पेढे घेतले नाहीत.

बाहेर अध्यक्षीणबाई माझी वाट बघत उभ्या होत्या. माझा हात धरून म्हणाल्या, “चला, आता खरंच लेकवर जाऊ.” आम्ही गेलो. हवा खरंच छान होती.

परवानगी उन्हाळ्यात आली. उन्हाळ्यात पार्कात कुत्रंही बसत नाही. लिफ्ट उभी राहीपर्यंत पाऊस येऊन गेला, आणि मी मनात म्हणत होते, हा हिवाळा तेवढा मिळू दे. पहिलं धुकं पडलं त्याच आठवड्यात ती चालू झाली. एवढीशी, दोन माणसं जेमतेम मावतील अशी. सोसायटीतल्या बायका विचारत होत्या, “आंटी जी, इस बार पक्का? पेडे खाएँ?” मी म्हटलं, हे खाली पोचल्यावर.

हे टाय लावून उतरले. मी बाल्कनीतून बघत होते. लिफ्टचं दार इमारतीच्या मागे उघडतं, त्यामुळे हे दिसायला वेळ लागला. मग कोपऱ्यावरून आधी वॉकर आला, मग हे. पार्काच्या कडेशी थांबले आणि जिथे सावली संपते तिथे पाय टाकायच्या आधी जरा वर बघितलं. मला वाटलं, माझ्याकडे. पण ते सूर्याकडे बघत होते.

सरदारजींनी खुर्ची सरकवली, पत्ते वाटले. यांचे पत्ते पहिल्यांदाच कुणाला कळत नव्हते. हे विचार करत बसले. बराच वेळ बसले. सरदारजींचा धीर सुटला आणि त्यांनी सगळ्या पार्काला ऐकू जाईल असं ओरडून सांगितलं, “ओए बेड-रिडन! पत्ता सुट्ट!”

पार्क खो खो हसला. हेही हसले. कोर्टातलं ते सगळं यांनी सरदारजींना सांगितलेलं होतं तर! तेव्हापासून सोसायटीत यांचं हेच नाव पडलंय. परवा दूधवालाही खालून विचारत होता, बेड-रिडन साब घर पर हैं क्या? हे मोठ्या तोऱ्यात ओ देतात.

त्या दिवशी यांनी खालूनच मला हाक मारली, “अगं, ये खाली. ऊन आहे.”

“आले,” म्हटलं आणि पेढ्यांचा खोका घेऊन मी जिन्यानेच उतरले. लिफ्टमध्ये आरसा आहे. कान गरम असले की मला त्यात बघवत नाही.